पूर्ण असहमत

मृणाल नौपाड्याहून कोलशेतला आली ती हातात फायली आणि तोंडात शास्त्र घेऊन. मानसशास्त्रात एम.ए. करणारी ही निशाची मावसबहीण. प्रबंधाचा विषय काय, तर 'सासवांची सुनांविषयीची वृत्ती'! अगं बाई, त्यासाठी एम.ए. कशाला? कुठल्याही सुनेला विचार, फुकटात सांगेल. पण मृणालला ती मोजायची होती. वीस वाक्यं, प्रत्येकापुढे एक ते पाच आकडे. एक म्हणजे पूर्ण असहमत, पाच म्हणजे पूर्ण सहमत. पटेल त्या आकड्याला गोल करायचा. हे सगळं वरती बारीक अक्षरात छापलेलं.

निशाने आळीतल्या पंधरा सासवा गोळा करून दिल्या, त्यांना चहा पाजला, आणि सोळावी म्हणून स्वतःच्या सासूला, हौसाबाईंना बसवलं. त्यात तिचा स्वार्थ होता. लग्नाला अकरा वर्षं झाली, पण हौसाबाईंच्या तोंडून कौतुकाचा शब्द म्हणून निघाला नव्हता. कालवण झकास जमलं तरी "मीठ बरा हाय" एवढंच. आपण या घरात आवडतो की नुसत्या चालतो, हे निशाला एकदाचं कळायला हवं होतं.

"फॉर्म गुप्त असतात हां, निशाताई," असं बजावून मृणाल हात धुवायला गेली. कसलं गुप्त न् कसलं काय! निशाने सगळ्यात वरचा, हौसाबाईंचा कागद ओढला. 'माझ्या सुनेवर माझा विश्वास आहे.' एकला गोल. 'सून घर नीट सांभाळते.' एक. 'सुनेला मी मुलीसारखी मानते.' एक, आणि त्याला पेन दाबून दोनदा गोल.

निशाने कागद होता तिथे टाकला.  स्वयंपाकघरात जाऊन तिने भांडी अशी आदळली की हौसाबाई उठून दारात आल्या.

"काय झाला गो?"

"काही नाही. मी कोपरीला चाललेय, माहेरी."

"जा की. पन झाला काय?"

"अकरा वर्षं, आई! तुमच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा दोन महिने रात्रंदिवस कोण उठत होतं? तुमचा लेक? आणि तुम्ही मला एक देता? सगळीकडे एक?" निशाला रडू फुटलं. रडायचं नाही असं ठरवलं होतं, म्हणून जास्तच फुटलं.

हौसाबाई म्हणाल्या, "मंग किती देऊ? एक लंबर दिला ना तुला! शालेत पयला लंबर कोनाचा येतो? हुशार पोरीचाच ना? बाहेर पोरं पन तेच बोलतात, एक लंबर!"

ओले हात घेऊन दारात उभ्या असलेल्या मृणालचा चेहरा उतरला. "अरे देवा! तरी म्हटलं, एका आळीत सोळाच्या सोळा सासवा इतक्या खाष्ट कशा!" ती धावत जाऊन फाईल घेऊन आली. "मावशी, चुकलंय. तुमचं जे एक आहे ना, ते इथे पाच असतं. हे घ्या पेन, तेवढं पाच करून टाका."

"पाच?" हौसाबाईंनी पेन बाजूला सारलं. "माज्या निशाला पाचवा लंबर? पाचवा लंबर त्या शेजारच्या दगडूच्या सुनेला दे, दहा वाजेपर्यंत झोपते ती. मी मेली तरी नाय देनार."

"अहो, पण कॉम्प्युटरला वाटेल तुम्ही सुनेचा दुस्वास करता."

"वाटू दे. त्याला कुठं माज्या घरात नांदायचाय?"

मृणाल रडकुंडीला आली. "निशाताई, तू तरी सांग ना यांना! माझा प्रबंध बोंबलेल गं."

निशाने पदराने नाक पुसलं, तो कागद घेतला, त्या दोनदा केलेल्या गोलाकडे पुन्हा एकदा पाहिलं आणि फाईलमध्ये ठेवून दिला.

"बोंबलू दे," ती म्हणाली. "माझा एक कुणी खोडायचा नाही."