जावयाने मारलेली सासू

थोरल्या लेकीच्या मुलीला जुळी झाली, त्या वर्षी धाकट्या जावयाने म्हातारीला मारून टाकलं. हत्याराने नव्हे, तोंडाने. हत्यार चालवायचं तर हात हलवावा लागतो, आणि तेवढे कष्ट या जावयाला कधी झेपले नव्हते.

हा घरजावई. लग्नानंतर महिनाभर म्हणून सासरी राहायला आला आणि आयत्या बिळात नागोबा बसावा तसा बसला. आधी तो गाद्या विकायचा, मग पाणी गाळायची यंत्रं, मग कुणाच्या तरी ओसाड जमिनी. गाद्यांवर निजलेले लोक पाठ धरून तक्रारीला आले, यंत्रांतून गढूळ पाणी आलं, आणि जमिनी तर घेणाऱ्यांना सापडल्याच नाहीत. शेवटी त्याला असा धंदा मिळाला की ज्यात गिऱ्हाईक माल घरी नेतच नाही, त्यामुळे परतही आणत नाही. शहरात जुन्या सिनेमांचं शूटिंग जिथे जिथे झालं तिथे लोकांना पायी हिंडवायचं आणि गोष्टी सांगायच्या. बोलणाऱ्याची माती खपते म्हणतात. इथे तर मातीही द्यावी लागत नव्हती.

म्हातारी त्याला "जावईबापू" म्हणायची. जावयाला तोंडावर मूर्ख म्हणायची सोय नाही, म्हणून तिने सगळा मूर्खपणा त्या 'बापू'त ओतला होता. इमारतीत सगळे तिला 'तोफ' म्हणत. तळमजल्यावरचा शिंपी सांगायचा की वरची तोफ सकाळी सुटली की आपल्याला घड्याळ बघावं लागत नाही.

तिचं घर दुसऱ्या मजल्यावर. रस्त्याकडे एक रुंद खिडकी, खिडकीला लाकडी चौकट, बाहेर कपडे वाळत घालायची दोरी. या खिडकीत बसून तिने आयुष्यभर लसूण सोलला, बटणं लावली, पोरांची डोकी विंचरली आणि येणाऱ्याजाणाऱ्याची हजेरी घेतली. नवरा गेल्यावर तर तिचं सगळं जग त्या चौकटीएवढंच उरलं होतं, आणि ते तिला पुरत होतं.

याच खिडकीने घात केला. ती नवी नवरी होती तेव्हा खाली रस्त्यावर एका सिनेमाचं शूटिंग आलं. नायक हातात पेटी घेऊन गाव सोडून चाललाय, एवढाच प्रसंग. दिवेवाल्यांनी कुणाला न विचारता त्यांची जाड काळी वायर हिच्या दोरीला अडकवली, दोरी ताणली गेली आणि नुकतीच धुतलेली पांढरी चादर घसरून मळक्या भिंतीवर घासत लोंबायला लागली. ही खिडकीतून कमरेपर्यंत बाहेर आली, दोन्ही हातांनी चादर ओढत दिवेवाल्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. कॅमेरा चालू होता. दिग्दर्शकाला ते आवडलं. सिनेमात तिचा आवाज नाही, नुसतं व्हायोलिन. बघणाऱ्याला वाटावं, कुणी पोरगी पांढरं वस्त्र हलवून, ऊर फुटेपर्यंत रडत, जाणाऱ्याला निरोप देतेय.

सिनेमा खूप चालला. तिने तो नवऱ्याबरोबर एकदाच पाहिला. ते दृश्य आलं तेव्हा नवरा इतका हसला की पुढच्या रांगेतल्या लोकांनी मागे वळून डोळे वटारले. घरात या प्रकरणाची किंमत तेवढीच होती, लग्नकार्यात सांगायचा एक विनोद.

जावयाने हा विनोद उचलला आणि त्यातलं हसू काढून टाकलं.

शनिवारी सकाळी तो लोकांना घेऊन निघायचा आणि सगळ्यात शेवटी घरासमोर आणायचा, कारण तिथून त्याला चहाला वर जाणं सोपं पडे. त्या सुमाराला तो सासूला बाजारात पिटाळू लागला. शनिवारी भाजी ताजी येते म्हणे. म्हातारीला आधी बरं वाटलं, की जावयाला जन्मात एकदा भाजीची अक्कल आली. मग एक दिवस परतताना तिला इमारतीच्या पायरीवर फुलं दिसली. पुढच्या शनिवारी पुन्हा. शिंप्याला विचारलं तर तो सुईत दोरा ओवण्याचं सोंग करत खाली बघून बोलला. लोक म्हणे हात जोडून उभे राहतात, बायका डोळे पुसतात. कुणासाठी, हे मात्र त्याने आपल्या तोंडून सांगितलं नाही. जावईबुवा चांगले बोलतात, एकदा ऐकायला जा, एवढंच म्हणाला.

ती गेली. त्या शनिवारी पिशवी घेऊन घराबाहेर पडली, बाजाराकडे न वळता चौकात गेली आणि लोकांच्या घोळक्यात सगळ्यात मागे उभी राहिली. पुढे जावई, डोक्यावर उंच धरलेली लाल छत्री, कमरेला लावलेला छोटा भोंगा. त्याने माणसं मोजायला नजर फिरवली, ती हिच्यावर येऊन अडकली, आणि भोंग्यातून नुसतीच किंचाळी आली. पण एवढ्या लोकांसमोर तो बोलणार काय?  आणि तोफेनेही बार राखून ठेवला होता.

पहिलं ठिकाण जुनं थिएटर. आता तिथे सोफे विकतात. जावई म्हणाला, इथे सिनेमा दाखवणारा ऑपरेटर रीळ वाचवताना आगीत जळून गेला. म्हातारीला तो ऑपरेटर चांगला ठाऊक होता. तो म्हातारा होऊन मुलाकडे राहायला गेला आणि जेवण अंगाला लागत नाही म्हणून सुनेच्या नावाने खडे फोडत होता. पुढे पूल. नायिकेने उडी मारली तो. इथे नायिकेच्या जागी उडी मारणारा माणूस बुडाला म्हणे. मग स्टुडिओचं फाटक, आत आता नुसत्या गाड्या उभ्या. इथल्या बाकावर दिग्दर्शकाने प्राण सोडला. बाक नवा होता, त्याचा रंग एका बाईच्या कपड्यांना लागला.

म्हातारीच्या लक्षात जावयाची कामाची रीत आली. जिथे दाखवायला काही उरलेलं नाही तिथे तो एक माणूस मारायचा. मेल्या म्हशीला मणभर दूध, त्यातलाच प्रकार. हा शहराचा फेरफटका नव्हता, ही अंत्ययात्रा होती, आणि लोक तिकीट काढून सामील झाले होते. सगळ्यांच्या चेहऱ्यावर ते खास दुःख होतं, जे चांगला नाश्ता करून निघालेल्या माणसालाच परवडतं.

शेवटी सगळे तिच्या घरासमोर आले. जावयाने तिच्याकडे बघायचं टाळलं, घसा साफ केला आणि सांगितलं की ही ती खिडकी. त्या दृश्यात दिसते ती कुणी नटी नव्हती, याच घरातली विशीतली मुलगी होती. तिचा प्रियकर खरोखरच त्या दिवशी गाव सोडून जात होता. सिनेमा लागायच्या आत ती झुरून मेली. काही लोकांना ती अजून दिसते.

सगळ्यांनी माना वर केल्या. म्हातारीनेही केली.

खिडकीत तिची धाकटी लेक उभी होती. डोक्यावरून पांढरी चादर घेतलेली, तिचं लांब टोक खिडकीबाहेर सोडलेलं, आणि वाऱ्यावर हलवावं तसं ती ते हळूहळू हलवत होती. खालून कुणीतरी हुंदका दिला.

म्हातारी रस्ताभर मनात जुळवत आली होती की इथे काय बोलायचं. ते सगळं राहिलं. तिला फक्त दिसलं की चादर तिची आहे, कालच धुतलेली, आणि टोक मळक्या भिंतीवर घासतंय.

"अगं चादर वर घे! भिंतीला पुसतेस काय ती? धुणार कोण, तुझा बाप?"

तोच आवाज, तोच राग, पंचेचाळीस-पन्नास वर्षांनी, या वेळी खालून वर. लेक दचकली आणि सगळी चादर गोळा करून आत पळाली.  मग लोकांनी टाळ्या वाजवल्या.

म्हातारी त्यांच्याकडे वळली आणि शांतपणे म्हणाली, "ती मुलगी मी. मी मेलेली नाही."

टाळ्या वाढल्या. चष्मा लावलेल्या एका बाईने जावयाला विचारलं की या कुठल्या नाटक कंपनीच्या. आणि जावई, ज्याला आयुष्यात एकही गोष्ट वेळेवर सुचली नव्हती, त्याला हे बरोबर सुचलं. आमच्या जुन्या कलाकार आहेत, म्हणाला.

वर आल्यावर स्वयंपाकघरात खटका उडाला. म्हणजे म्हातारी बोलली आणि बाकीच्यांनी ऐकलं. लेक चादरीची घडी घालत होती, ती उलगडत होती, पुन्हा घालत होती. तिचं म्हणणं एवढंच की आई, यांचं बऱ्याच वर्षांनी कुठे तरी बस्तान बसतंय, लोक यांना नमस्कार करतात, ते मोडू नको. जावई तर खुशीत होता. दर शनिवारी खालून असंच ओरडा, म्हणाला, लोकांना फार भिडलं.

"मला आधी जिवंत करा," म्हातारी म्हणाली.

"आई, जिवंत माणसाला बघायला कोण येतं?"

"मग पुढच्या शनिवारी तुम्ही मरा, जावईबापू. मी जमवते लोक."

लेकीला हसू आलं आणि ते तिने चादरीत लपवलं. जावई मात्र समजूत काढत राहिला. गोष्टीतलं मरण ते, त्याने काय बिघडतं, कावळ्याच्या शापाने कुठे गाय मरते का.

"विसाव्या वर्षी मेले म्हणता ना?" म्हातारीने विचारलं. "मग मेल्यावर मी तीन लेकरं काढली. त्यातलं शेंडेफळ तुमची बायको. भुताच्या पोरीशी संसार करताय, जरा जपून."

त्यानंतर ती बाजारात गेली नाही. दर शनिवारी खुर्ची खिडकीला लावून, मांडीवर मटार घेऊन बसायची. घोळका आला की वरून स्पष्ट सांगायची की वायर दोरीला अडकवली होती, चादर मळली होती, मी रडत नव्हते, शिव्या देत होते. आणि शेंगांची सालं नेमकी लाल छत्रीवर पडतील अशी टाकायची.

पण तोंडाच्या जोरावर जगणाऱ्याला कोण हरवणार? दोन-तीन शनिवारांत जावयाने इलाज काढला. आवाज खाली आणून तो लोकांना सांगू लागला की या त्या मुलीच्या धाकट्या बहीण. बहीण गेल्याचा धक्का बसला आणि तेव्हापासून या स्वतःलाच ती समजतात. झालं. मग ती जितकं खरं सांगे तितके लोक कळवळत. एखादी बाई तर वर बघून ओठांवर बोट ठेवून मान हलवायची, जणू म्हणायची, हो हो, आहात हं तुम्ही जिवंत. मला बहीण नव्हतीच, असं म्हातारी ओरडली की खाली आणखी रुमाल निघायचे.

इमारतीतले लोक हसले. शिंपी हसला, थोरली लेक जुळ्यांना घेऊन आली ती हसली. म्हातारी हसली नाही. आयुष्यभर तिचा शब्द या रस्त्यावर कुणी खाली पडू दिला नव्हता. दूधवाला तिला घाबरायचा, पोलीसही तिच्या खिडकीखाली पान थुंकत नसे. आता तीच तोफ दर शनिवारी सुटत होती आणि लोकांना वाटत होतं, सलामी आहे.

एका दुपारी धाकटी लेक तिच्या पाठीला तेल लावत होती. म्हातारी पालथी पडून, उशीत तोंड घालून म्हणाली, "मी मेले की कधी मेले ते नीट सांग. हे आधीचं मरण माझ्या नावावर राहायला नको. चादर तू धरली होतीस, तेव्हा सांगायचंही तूच."

 लेक तेल लावत राहिली, नेहमीपेक्षा जरा जोरात.

ती खिडकी म्हातारीने सोडली नाही. गुडघे गेले, एक डोळा गेला, मटार सोलवेनासे झाले तरी शनिवारी खुर्ची तिथेच लागायची. पुढे पुढे ती फार बोलायची नाही. खाली जावई बहिणीची गोष्ट सांगायचा आणि ती वरून त्याच्याकडे नुसती बघायची. असं बघायची की गोष्ट दर वेळी थोडी आखूड होत गेली.

मग एकदा ती आजारी पडली आणि उठली नाही. घरात रडारड झाली, सगळे जमले, गेले. जावईही रडला, आणि त्याचं रडणं खरं होतं असं शिंपी सांगतो. खरं असेल. पण शनिवार आला तेव्हा लाल छत्री घेऊन तो कामाला निघालाच. लोकांनी आधी नावं नोंदवली होती म्हणे.

घरासमोर आल्यावर त्याने वर बघितलं. खुर्ची रिकामी नव्हती. तिच्यात त्याची बायको बसली होती, चादरीशिवाय, घरातल्या साध्या कपड्यांत. त्याने घसा साफ केला आणि सुरुवात केली की खूप वर्षांपूर्वी या घरातली एक मुलगी झुरून मेली.

"मंगळवारी," लेक वरून म्हणाली. आवाज आईचाच होता, फक्त इतके दिवस तिने तो वापरला नव्हता. "माझी आई या मंगळवारी गेली. खिडकीतली बाई तीच. त्याआधी ती कधीच मेली नव्हती. आणि जे खाली छत्री धरून उभे आहेत, ते तिचे जावई."

जावयाने छत्री मिटली. भोंगा बंद करायचा राहिला, त्यातून त्याचा श्वास सगळ्या रस्त्याला ऐकू येत होता. दोघातिघांनी टाळ्या वाजवल्या, मग शेजारच्यांचे चेहरे बघून थांबवल्या.

जुळी शाळेत जायला लागली त्या वर्षी, उन्हाळ्यात, मंगळवारी दुपारी म्हातारी वारली. अंथरुणात, लेकीच्या हातून पाणी पिऊन.