जाईबाईंची रीत

आमच्या ह्यांना हायकोर्टाखालची पायरी कधी दिसलीच नाही. ठाकूरद्वारच्या वाडीत वकिलीची पाटी लावून वर्षं झाली, पण दारात येत ती भाडेकरूंची भांडणं. त्यात संयुक्त महाराष्ट्राची चळवळ पेटलेली. आपलंही नाव एकदा पेपरात यावं, असं ह्यांना फार वाटे. मलाही वाटे, खोटं कशाला बोलू.

अशात जाईबाई आल्या. मालवणकडच्या, एकट्या, लालबागला गिरणीतल्या माणसांसाठी खानावळ चालवणाऱ्या. मोर्च्याच्या दिवशी त्यांनी मोर्चेवाल्यांना जेवू घातलं, आणि लगेच लायसनच्या साहेबाने मोरीच्या घाणीचं निमित्त काढलं. बाईंना एका शब्दाने न विचारता लायसन रद्द. चूल विझली ती विझलीच.

वरच्या साहेबाकडे महिन्याच्या आत अपील करायची सोय होती. ह्यांना ती ठाऊक होती. पण सरकारी साहेबापुढे गयावया करायची हे दिवस नव्हेत म्हणे. "आपण रिट करू, जाईबाई. थेट हायकोर्टात," हे म्हणाले.

जाईबाईंच्या कानांनी रिटची रीत केली. वकीलसाहेब सगळं रीतीनं करतायत, असं त्या लालबागभर सांगत सुटल्या. आम्हाला कळलं तेव्हा आम्ही दोघं पोट धरून हसलो. चूक मात्र कुणी सुधारली नाही.

निकालाच्या दिवशी मीही कोर्टात गेले, नवी साडी नेसून. न्यायमूर्तींनी एकच विचारलं, अपील केलं होतं का? नाही? मग दाद मागायचा दुसरा मार्ग असताना इकडे कसे आलात? ह्यांनी बाईंना न विचारता लायसन काढल्याचा मुद्दा मांडायला सुरुवात केली. न्यायमूर्तींनी शांतपणे ऐकून घेतलं आणि अर्ज फेटाळला. साहेब बरोबर की चूक, तिथवर गोष्ट गेलीच नाही.

संध्याकाळी जाईबाई घरी आल्या, हातात कोलंबीच्या कालवणाचा डबा. आम्ही प्रभू जातीचे, आम्हाला कोलंबी आवडते हे त्यांनी कधी हेरलं होतं कोण जाणे. अर्ज का फेटाळला ते त्यांना नीट कळलं नव्हतं. सरकारचीच माणसं सगळी, असं काहीतरी हे पुटपुटले.

"माझ्यापायी साहेब, तुमचा नाव खराब झाला," जाईबाई म्हणाल्या. "पण आपण तर रीतच केली होती ना?"

हे खिडकीबाहेर बघत राहिले. मला अशी लाज वाटली की पदराने तोंड झाकावं. आणि ह्यांचा रागही आला, कारण आता हे हो म्हणणार ते मला दिसत होतं.

"नाही जाईबाई," मीच म्हणाले. "रीत दुसरी होती. वरच्या साहेबाकडे जायची."

"मगे ती करूया," त्या सहज म्हणाल्या.

"तिची मुदत गेली," हे म्हणाले. "मला माहीत होतं."

जाईबाईंनी शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी डबा माझ्या हातात दिला, कालवण गरम आहे तोवर जेवून घ्या म्हणाल्या आणि चपला घालून निघून गेल्या.

आम्ही जेवलो नाही. हे टेबलाशी बसले, उशीर माफ करावा असा अर्ज वरच्या साहेबाला लिहायला. "नम्र विनंती" एवढं लिहून झालं. मग लेखणी थांबली. उशिराचं कारण द्यावं लागतं, कायद्यात तसंच आहे.

"आजारपण लिहू का?" त्यांनी मला विचारलं. "बाईंचं?"

मी डब्याचं झाकण काढलं आणि डबा त्यांच्यासमोर ठेवला. बराच वेळ ते त्या कालवणाकडे बघत होते. मग मान खाली घालून त्यांनी लिहिलं, उशीर अर्जदाराच्या वकिलामुळे झाला, आणि खाली आपलं पूर्ण नाव घातलं.