उशिराचं कारण

"मामा, एकदाचं खरं सांग. त्या तारखेला तू कोर्टात का आला नाहीस?" वकील भाचीनं पेन उघडलं आणि कोरा कागद पुढे ओढला.

घड्याळजींनी तिच्या भिंतीवरचं घड्याळ काढून मांडीवर घेतलं होतं. ते मागे पडत होतं, त्यामुळे मान खाली घालून बसायला आयतीच सबब मिळाली होती.

"पाठीत उसण भरली. जिन्यातच बसलो."

घड्याळजींच्या दुकानाशेजारच्या सलूनवाल्यानं गिऱ्हाइकांनी भरलेल्या सलूनमध्ये त्यांच्याबद्दल म्हटलं होतं, 'हा घड्याळातले चांगले भाग काढून घेतो.' उभ्या आयुष्यात कमावलेलं नाव एका वाक्यात गेलं. ते परत हवं म्हणून घड्याळजींनी बदनामीची फौजदारी तक्रार ठोकली, आणि ऐन तारखेला स्वतःच गैरहजर! तक्रार निकालात निघाली, सलूनवाला सुटला. अपिलाची मुदत घड्याळजींनी रुसून बसण्यात घालवली. आता उशीर माफ करून घ्यायचा तर सबळ कारण हवं, आणि कारणाला साक्षीदार.

"दवाखान्यात कोणी नेलं?"

"त्यानंच."

"त्यानं म्हणजे?"

"आरोपीनं. पाठुंगळीला मारून. मला तिथं सोडून मग तो कोर्टात गेला."

भाची इतकी हसली, की बाहेरचा कारकून दारातून डोकावून गेला.

"म्हणजे तुझी तक्रार जिवंत करायला आता आरोपीचंच प्रतिज्ञापत्र लागणार!"

दुपारी सलून भरलेलं होतं. घड्याळजी उंबऱ्याबाहेरच थांबले. सलूनवाल्यानं फेसाचे हात पुसून भाचीकडून कागद घेतला आणि मोठ्यानं वाचला. हळू काही करणं त्याच्या स्वभावातच नव्हतं.

"यावर सही केली तर माझ्यावरची केस पुन्हा उभी राहील ना?"

"राहू शकते, काका."

"राहू दे. समोरचा आलाच नाही म्हणून सुटलो, हे काय सुटणं झालं? पण यात वजन लिहिलेलं नाही. दवाखाना येईपर्यंत तीनदा खाली ठेवावं लागलं याला."

गिऱ्हाइकं खो खो हसली. घड्याळजींनी कपाळाला आठ्या घालायचा प्रयत्न केला, पण जमलं नाही.

"आणि अजून एक ओळ घाल," सलूनवाला म्हणाला. "हा माणूस लबाडी करत नाही. घड्याळांच्या बाबतीतही नाही. मी रागाच्या भरात बोललो, ते खोटं होतं."

"काका, हे लिहिलंत तर तुम्हीच अडकाल!"

"तू वकील कोणाची? लिही."

घड्याळजींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा पुसला. सलूनवाल्यानं सही ठोकली. कागदाच्या कोपऱ्याला थोडा फेस लागला.

"चल मामा, आजच्या आज दाखल करून टाकू."

घड्याळजींनी कागदाची नीट घडी करून खिशात घातली, उंबरा ओलांडला आणि नुकत्याच रिकाम्या झालेल्या खुर्चीत जाऊन बसले.

"एवढी घाई कसली? उशीर तर झालाच आहे," ते म्हणाले. "आधी दाढी होऊ दे."