दाराची बिजागरी

त्या रविवारी आईने मला तिचा नवा सिनेमा दाखवायला नेलं. ती सिनेमांच्या आवाजाचं संकलन करायची. पावलं, भांडी, वारा, संवादांमधले श्वास, सगळं तिच्या हाताखालून जायचं. दिवे लागल्यावर तिने नेहमीचंच विचारलं, "काही कानाला खटकलं?"

"काहीच नाही."

"मग पास झाले," म्हणत तिने माझ्या पुडीतले उरलेले शेंगदाणे तोंडात टाकले.

जो आवाज प्रेक्षकाला वेगळा ऐकू आला तो फसला, असं ती मानायची. जन्मभर राबायचं आणि कुणाला पत्ता लागू द्यायचा नाही; चोरांनंतर आम्हीच, म्हणायची.

मला मात्र पत्ता लागला होता. सिनेमातली बाई घरी येऊन दार लोटते, ते दार आमच्या स्वयंपाकघराचं होतं. आधी जरासं कण्हतं, थबकतं, मग लांब कुरकुरतं. आईच्या प्रत्येक सिनेमात ते एकदा तरी वाजायचं. ओळखलं म्हणून सांगितलं तर चूक समजून ती पुढच्या वेळी काढून टाकेल, या भीतीने मी कधी बोलले नाही.

बाबा अधूनमधून तेलाची बाटली घेऊन त्या दाराकडे वळायचे. "बिजागरीला हात लावाल तर याद राखा," आई आतून बजावायची, "तुमच्यापेक्षा जास्त कमावते ती."

बुधवारी काम करता करताच ती वारली. खुर्चीत, कानांवर हेडफोन तसेच.

सांत्वनाला येणाऱ्या माणसांची रीघ थांबली तेव्हा बाबा पुन्हा बाटली घेऊन दाराशी उभे राहिले. दार वाजलं की ती आल्यासारखं वाटतं, आता सोसवत नाही, म्हणाले. झाकण फिरवता फिरवता पुढे म्हणाले, "तुझ्यासाठी घालायची ती हा आवाज. लहानपणी याच दाराआडून भो करायचीस तू. सिनेमा दाखवून आली की मला सांगायची, पोरीला याही वेळी कळलं नाही."

"हसून सांगायची?"

"हसूनच. मग जेवताना गप्प."

मी त्यांच्या हातातून बाटली काढून घेतली. दार पुरतं उघडलं आणि हळूहळू लोटलं. ते कण्हलं, थबकलं, मग कुरकुरत चौकटीला टेकलं.

"आई," बंद दाराकडे बघत मी मोठ्याने म्हणाले, "मला ऐकू यायचं गं. प्रत्येक वेळी."