सदतिसावे पान

मित्रांनो, मी एक जुना विज्ञानग्रंथ आहे, आणि पुढे काही सांगण्याआधी तुमचे हात दाखवा पाहू. रागावू नका. वय झाले की माणसे विसराळू होतात आणि पुस्तके संशयी होतात. आजवर ज्याने ज्याने मला उघडले, तो माझ्यावर काही ना काही ठेवून गेला आहे. तेलाचा डाग, पेन्सिलीची रेघ, चहाच्या कपाचे वर्तुळ. एका शास्त्रज्ञाच्या चित्राला तर कोणी मिशा काढून ठेवल्या आहेत. त्या त्यांना शोभतात, ही गोष्ट वेगळी.

माझा हा स्वभाव जन्मापासूनचा आहे. माझे लेखक शाळेत विज्ञान शिकवत असत. माणूस वेळ मोजायला कसा शिकला, ही गोष्ट त्यांनी माझ्यात सांगितली आहे. जमिनीत रोवलेल्या काठीची सावली, थेंब थेंब गळणारे पाणी, मग वाळू, मग लंबक आणि शेवटी मनगटावरचे घड्याळ. पहिल्याच प्रकरणात त्यांनी लिहिले, 'मुलांनो, मी सांगतो म्हणून काही खरे मानू नका. काठी घ्या, उन्हात रोवा आणि स्वतः बघा.' ज्याच्या पोटातच असे वाक्य आहे, तो भोळा कसा राहील? छापखान्यात अक्षरांचा एकेक खिळा जुळवून माझी पाने तयार झाली, जाड दोऱ्याने ती शिवली गेली आणि वर निळे कापड चढले. वर्तमानपत्रांनी माझे कौतुक केले. एकाने मला 'रंजक' म्हटले. त्याने मला शेवटपर्यंत वाचले होते का, याची मला आजही शंका आहे.

मग मी या वाचनालयात आलो. इथे एक रीत आहे, ती नीट लक्षात घ्या. पुस्तकाचे पहिले पान खराब होऊ नये म्हणून त्यावर शिक्का मारत नाहीत. आतल्या पुठ्ठ्याला नावाची चिठ्ठी चिकटवतात आणि शिक्का मारतात तो आत खोल, एका गुप्त पानावर. हे पान प्रत्येक पुस्तकात एकाच क्रमांकाचे असते. पुस्तक चोरीला गेले आणि चोराने चिठ्ठी काढून टाकली, तरी ते पान उघडून दाखवता येते की माल आमचा आहे. आमच्याकडचे गुप्त पान सदतिसावे. हा आकडा फक्त ग्रंथपाल आणि कार्यवाह यांनाच माहीत असतो. वाचकांना तो कधीही सांगत नाहीत.

सुरुवातीची वर्षे माझी चैनीची गेली. मुले माझ्यासाठी नंबर लावत. मागच्या अंगणात कोणाची तरी काठी नेहमी रोवलेली असे. पुढे रंगीत, गुळगुळीत पुस्तके आली आणि मला 'दुर्मिळ' म्हणून काचेच्या कपाटात ठेवले. दुर्मिळ हा शब्द ऐकून आधी मी फुगलो. नंतर कळले की कोणी मागत नाही, त्याला दिलेले ते सभ्य नाव आहे.

त्या कपाटाशी दोनच माणसे येत. पहिले आमचे कार्यवाह. पांढरेशुभ्र कपडे, मृदू बोलणे, पुस्तकाला हात लावण्याआधी रुमालाने बोटे पुसणार. वाचनाचे महत्त्व या विषयावर त्यांचे भाषण ऐकून लोक भारावून जात. आमच्या ग्रंथपालबाई त्यांच्या सख्ख्या पुतणी. त्यांनीच बाईंना इथे नोकरी लावून दिली होती. सगळे कार्यवाहांना मानत. मी मात्र बघत होतो. ते मला उघडत आणि सर्वात आधी छापल्याचे साल बघत. मग बांधणी बघत, मग कोपरे. मजकुराची एक ओळही त्यांनी कधी वाचली नाही. माझ्या मनात शंकेची पाल चुकचुकली.

दुसरे होते घड्याळवाले. कोपऱ्यावर त्यांचे घड्याळदुरुस्तीचे छोटे दुकान आहे. दुपारी दुकान बंद करून ते येत आणि मला मागून घेत. नखांत काळे तेल, खांद्याला पिशवी, पिशवीत चिमटे आणि पाती. त्यांना पाहून मी आधी अंग चोरून घेतले. पण त्यांनी खिशातून कोरा कागद काढला, तो हाताखाली ठेवला आणि मगच वाचायला सुरुवात केली. वाचताना त्यांचे ओठ हलत. एखादे वाक्य आवडले की ते मागे टेकून छताकडे बघत बसत. इतक्या वर्षांनी कोणी तरी मला वाचत होते. मला फार बरे वाटले, आणि बरे वाटले म्हणूनच मी आणखी सावध झालो.

एका दुपारी बाई जेवायला गेल्या असताना कार्यवाहांनी मला आपल्या खोलीत नेले. त्यांनी पाण्यात एक दोरा भिजवला, माझ्या शिवणीजवळ तो अलगद ठेवला, मला मिटले आणि माझ्यावर कोपर टेकून निवांत वर्तमानपत्र वाचू लागले. ओल आत मुरत गेली. थोड्या वेळाने त्यांनी मला उघडून सदतिसावे पान नुसते ओढले. फाटल्याचा आवाजही झाला नाही. पान त्यांच्या खिशात गेले आणि मी परत कपाटात. चिठ्ठी पुढच्या खेपेला निघणार होती आणि त्याच्या पुढच्या खेपेला मी. जुन्या पुस्तकांचे शौकीन बरेच असतात आणि मधले एक पान कोण मोजतो? मित्रांनो, केसाने गळा कापणे म्हणतात, ते हेच.

पण मधले पान मोजणारा एक माणूस होता. दुसऱ्या दिवशी घड्याळवाले मला घेऊन बाईंच्या टेबलाशी गेले.

"बाई, जरा बघता का? वाक्य मध्येच तुटलंय."

"तुटलंय म्हणजे?"

"'उन्हाळ्यात लंबकाचे घड्याळ मागे पडते, कारण', आणि पान उलटलं की एकदम जहाजं. कारण मला ठाऊक आहे, उष्णतेनं दांडी लांबते. पण यांनी कसं लिहिलंय ते वाचायचं होतं."

बाईंनी पाहिले. छत्तीस आणि मग थेट एकोणचाळीस. त्यांचा चेहरा उतरला. ते गुप्त पान होते हे त्यांना ठाऊक होते, पण तसे बोलायची सोय नव्हती.

"हे पुस्तक इतक्यात तुमच्याशिवाय कोणीच मागितलेलं नाही," त्या म्हणाल्या.

"म्हणूनच मी सांगायला आलो ना."

एवढ्यात आतून कार्यवाह आले. त्यांनी सगळे शांतपणे ऐकून घेतले आणि तितक्याच शांतपणे विचारले, "पिशवीत काय असतं हो तुमच्या?"

घड्याळवाल्यांनी पिशवी टेबलावर रिकामी केली. चिमटा, भिंग, बारीक पेचकस आणि एक पाते.

"पातं कशाला लागतं?"

"घड्याळाचं मागचं झाकण उघडायला."

"फक्त झाकणच उघडता ना?"

वाचनकक्षातली सगळी डोकी वर झाली. सगळ्यांनी तेलकट नखे पाहिली, पाते पाहिले आणि हिशेब जुळवून टाकला. बाईंनी खाली मान घालून घड्याळवाल्यांचे वाचक कार्ड काढून घेतले. ते एकदा माझ्याकडे बघून निघून गेले. मी टेबलावर उघडा पडलो होतो. माझ्यात इतके शब्द आहेत, पण त्या वेळी हवा तो एकही माझ्या तोंडून निघेना. मला स्वतःची लाज वाटली.

आता विचार करा. ज्याच्या ताब्यात लोक आपली घड्याळे विश्वासाने सोडून जातात, तो चोर आहे अशी कुजबुज झाली तर काय होईल? वाचनालयाच्या पायऱ्यांवरची ती कुजबुज मला कपाटातही ऐकू आली. "माझं मी कालच परत आणलं," एक गृहस्थ म्हणत होते, "न जाणो, आतला एखादा भाग बदलायचा." मागचे गृहस्थ म्हणाले की आपल्याला आधीपासूनच शंका होती. असे लोक मला फार भेटले आहेत. त्यांना शंका नेहमी आधीपासूनच असते, फक्त ती ते नंतर सांगतात.

समितीने बाईंना नुकसानीचा तपशील मागितला. घड्याळवाल्यांनी आणखी काय काय कापले ते बघावे म्हणून बाईंनी कपाटातली सगळी पुस्तके खाली काढली. ज्वालामुखींचे, जुन्या नाण्यांचे, मधमाश्यांचे. मधमाश्यांच्या पुस्तकात चित्रे अशी सुंदर की कोणालाही मोह व्हावा. ती सगळी जागच्या जागी होती. गेले होते ते मेणाविषयीच्या रटाळ मजकुराचे पान. सदतिसावे. नाण्यांच्या पुस्तकातही सदतिसावेच. बाई स्टुलावर बसल्या. मग त्यांनी मला हातात घेतले आणि तुटलेल्या कडेवरून बोट फिरवले. कड मऊ होती, कापसासारखी तंतू सुटलेली. पात्याची कड अशी नसते. त्या बराच वेळ बोट फिरवत राहिल्या. मग मला छातीशी धरून त्या आतल्या खोलीत गेल्या.

"काका, गुप्त पानाचा नंबर कोणाकोणाला माहीत आहे?"

"तुला आणि मला. का गं?"

"कपाटातल्या कितीतरी पुस्तकांतून तेवढंच पान गेलंय."

कार्यवाहांनी वर्तमानपत्राची घडी घातली. "मग त्या घड्याळवाल्याला कळलं असेल कुठून तरी."

"मधमाश्यांचं पुस्तक त्यांनी कधी मागितलंच नाही. आणि हे पात्यानं कापलेलं नाहीये, काका. बोट फिरवून बघा."

त्यांनी हात पुढे केला नाही. आवाज मात्र तसाच मृदू ठेवला. "तुला इथं कोणी लावलं, ते विसरली नाहीस ना? नंबर दोघांनाच माहीत आहे म्हणतेस. मग समिती कोणाकडे बघेल? माझ्याकडे की तुझ्याकडे?"

बाईंनी मला पुन्हा छातीशी धरले. 

"बघू दे माझ्याकडे," त्या म्हणाल्या. "मी माझं घर उघडून दाखवीन. तुम्ही या खोलीतलं तुमचं कपाट उघडाल?"

बाईंनी समितीला सांगितले आणि ते कपाट समितीने उघडले. माझी बरीच भावंडे तिथे सापडली. त्यांच्या चिठ्ठ्या निघालेल्या होत्या आणि सदतिसावे पान कोणातच नव्हते. काही तर आधीच विकली गेली होती. तुम्ही म्हणाल, चला, न्याय झाला. थांबा. फलकावर सूचना लागली ती एवढीच की, प्रकृतीच्या कारणास्तव कार्यवाहांनी पद सोडले आहे. घड्याळवाल्यांचा त्यात उल्लेखही नव्हता. बाईंनी तो घालायचा आग्रह धरला तेव्हा अध्यक्ष म्हणाले, "बाई, संस्थेचं नाव आहे. कशाला चारचौघांत धुणी धुवायची?"

तेव्हा बाईंनी मला पिशवीत घातले आणि त्या घड्याळवाल्यांच्या दुकानात आल्या. इतक्या वर्षांनी मी रस्ता पाहिला. दुकानातल्या भिंतीवर खिळेच खिळे होते आणि दोन-तीन सोडले तर सगळे रिकामे. आत त्यांची सून बसली होती. "आता आणखी काय बघायचंय?" ती म्हणाली. सासऱ्यांनी तिला हातानेच थांबवले.

"तुमचं काही चुकलं नव्हतं. माफी मागायला आलेय," बाई म्हणाल्या आणि घडले ते सगळे त्यांनी सांगितले. कार्डही टेबलावर ठेवले.

घड्याळवाल्यांनी डोळ्यावरचे भिंग काढले. "बाई, माझं कार्ड घेतलंत तेव्हा खोली भरलेली होती. आता आपण तिघंच आहोत."

ते रागाने बोलले नाहीत. किती वाजले ते सांगावे तसे सांगितले. बाई मला घेऊन निघाल्या.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी वाचनकक्ष गच्च भरलेला असताना बाई खुर्चीवरून उठल्या. "ऐका जरा," त्या म्हणाल्या. "पानं घड्याळवाल्यांनी काढली नव्हती. ती माझ्या काकांनी काढली. घड्याळवाल्यांनी तर पान गेल्याचं येऊन सांगितलं, आणि मी त्यांनाच चोर ठरवलं." याबद्दल पुढे समितीने त्यांना जाब विचारला, घरच्यांनी बोलणे टाकले. त्या संध्याकाळी कक्षातल्या काही लोकांनी मान डोलावली. काहींनी वर्तमानपत्राचे पान उलटले. पायऱ्यांवरचे ते आधीपासून शंका असलेले गृहस्थ म्हणाले, "असेल, पण आगीशिवाय का धूर निघतो?"

बाईंनी दुसऱ्या वाचनालयातून माझ्या हरवलेल्या पानाची झेरॉक्स आणून चिकटवली. दांडी का लांबते ते आता माझ्यात पुन्हा नीट वाचता येते. घड्याळवालेही परत येऊ लागले. हाताखाली तसाच कोरा कागद, तसेच हलणारे ओठ. फक्त निघताना ते बाईंच्या टेबलाशी थांबतात, पिशवी उलटी करून दाखवतात आणि माझी पाने त्यांच्यासमोर एकेक करून उलटतात. बाई म्हणतात, "अहो, नका ना असं करू. कोणी मागितलंय का?" ते म्हणतात, "असू दे. बघून घ्या." बाईंचे डोळे भरतात आणि त्या बघून घेतात.

मित्रांनो, माझी पाने मुडपू नका, बोटाला थुंकी लावून उलटू नका, शास्त्रज्ञांना मिशा काढू नका. शंका मात्र खुशाल घ्या, मला तर ती जन्मापासून आवडते. पण घ्याल ती शेवटपर्यंत तपासा, आणि चुकीची निघाली तर जितक्या मोठ्याने घेतली होती तितक्याच मोठ्याने परत घ्या, कळेल त्याच दिवशी, त्याच लोकांसमोर. फाटलेल्या पानाची झेरॉक्स मिळते. या माणसाचे पिशवी दाखवणे कसे थांबवायचे, ते माझ्या एकाही पानावर लिहिलेले नाही.