दोन गटांतला वाद

कोर्टाच्या बातम्या करण्यात माझी एकोणीस वर्षं गेली. एवढ्या वर्षांत कोर्टात वकिलांनी केले नसतील इतके युक्तिवाद मी आमचे संपादक अभय सर यांच्यासमोर केले.

दौलताबादजवळच्या एका गावात चंपाबाई साळवे सरपंच असताना कारभारी नावाच्या उपसरपंचानं त्यांना भर बैठकीत केस धरून खुर्चीवरून ओढलं होतं. जात काढली. बाई म्हणून जे बोलायचं तेही बोलला. खटला सात वर्षं चालला आणि कारभारीला दोन वर्षांची सजा झाली. जातीवरून अपमान केल्याचं सिद्ध झालं, असं निकालपत्रात स्वच्छ होतं. मी तेच लिहून दिलं.

सकाळी छापून आलं : 'खुर्चीवरून दोन गटांत वाद, एकास शिक्षा'. खाली माझं नाव. जात गायब, केस गायब.

दुपारी चंपाबाई अंक घेऊन क्रांती चौकातल्या आमच्या कार्यालयात आल्या.

"संध्याताई, दुसरा गट कोनता व्हता? मी तर एकलीच व्हते."

मी त्यांना थेट सरांच्या केबिनमध्ये नेलं.

सरांनी पाणी मागवलं. दरवर्षी संविधान दिनाला गहिवरून अग्रलेख लिहिणारा हा माणूस. म्हणाले, "मावशी, समाजात तेढ वाढू नये म्हणून सांभाळून लिहावं लागतं."

"केस माझे वढले, साहेब. तुमी सांभाळलं कुनाला?"

सर माझ्याकडे वळून हसले. "संध्या, तू भावनिक होतेस. जवळचा विषय आहे ना तुझा."

मी बौद्ध, त्यात बाई, म्हणून जवळचा. सरांची सख्खी भाची कारभारीच्या घरात दिलेली होती, पण विषय मात्र माझ्याच जवळचा.

"दुरुस्ती छापा," मी म्हणाले.

"बघू."

"मग माझं नाव काढा. बातमीवरचं अन् हजेरीपटावरचंही."

राजीनामा लिहायला पेन त्यांनीच पुढं केलं. इतकी तत्परता त्यांनी माझ्या एकाही बातमीला दाखवली नव्हती.

चंपाबाई आता सरपंच नव्हत्या, तरी पुढच्या ग्रामसभेत त्यांनी मला उभं केलं आणि निकालपत्र वाचायला लावलं. एकतीस पानं. अपील करून जामिनावर सुटलेला कारभारी मागं बसला होता. आठव्या पानाला तो उठला.

"बसा की," चंपाबाई म्हणाल्या, "अजून तुमचंच चाललंय."

तो बसला नाही. गेलाही नाही. पाठ फिरवून दारात उभा राहिला. त्या पाठीकडे बघताना मला आमच्या संपादकांची केबिन आठवली आणि माझा आवाज आपोआप चढला.

वाचून झालं तेव्हा कुणी टाळी वाजवली नाही. चंपाबाईंनी पाण्याचा तांब्या माझ्या हातात दिला.

"ते माझ्या जबानीचं पान परत वाचा, ताई. मागच्यांना नीट आयकू गेलं नसंल."

मी दोन घोट प्यायले आणि पान काढलं.