गायतेला महादूचा ठेका

२००९ साली मंदी आली, दुबई मरीनातल्या टॉवरचं काम विसाव्या मजल्यावर थांबलं आणि साइट ऑफिसात सगळे हातावर हात ठेवून बसले. तिथली आर्किटेक्ट उशिया स्पेनमधल्या गालिसियाची. लंचनंतर ती गायता काढायची. काखेत कातडी पिशवी दाबून, फुंकून वाजवायचं, तिच्या मुलखातलं गावोगावचं वाद्य.

इंजिनिअर परेश तबला विशारद. तिकडच्या नाचाला सहा मात्रांचा ठेका. "हा तर आपला दादरा!" म्हणत त्यानं टेबलावर बिनचूक साथ केली. उशिया मान डोलवायची, पण तिचा पाय काही हलायचा नाही.

एके दिवशी स्कॅफोल्डिंगचा महादू दारात येऊन थबकला. संगमेश्वरकडचा गडी, शिमग्यात पालखीपुढे ढोल वाजवणारा. त्यानं रंगाचा रिकामा डबा पालथा घातला, दोन काठ्या घेतल्या आणि धरला ठेका. उशिया वाजवता वाजवता नाचायलाच लागली. "हबीबी, होतास कुठे इतके दिवस?"

परेशच्या अंगाचा तिळपापड झाला. सात वर्षं गुरूंकडे बोटं झिजवली ती कशासाठी?

जुलैत गालिसियन लोकांचा मेळावा होता. "शुक्रवारी महादूला घेऊन ये," उशियानं परेशला सांगितलं. महादूनं दोनदा विचारलं, "साहेब, बाईंचा कार्यक्रम कधी ओ?"

"कळवतो."

शुक्रवारी परेश एकटाच गेला. "महादूला ताप आलाय," म्हणाला आणि गळ्यात तिथला ढोल अडकवला. एक मात्रा चुकली नाही. लोकांनी बसल्या जागेवरून टाळ्या दिल्या.

दोनच दिवसांत महादूच्या गँगचे व्हिसा कॅन्सल झाले. तो निरोप घ्यायला आला. उशियानं इंग्रजीत विचारलं, "ताप उतरला?" महादूला इंग्रजी कळेना, दुभाष्या परेशच.

"बाई विचारतायत, बरा आहेस ना?"

"बरा आहे की. पण कार्यक्रमाला का नाही बोलावलं, विचारा ना."

"तो थँक्यू म्हणतोय," परेश उशियाला म्हणाला.

पुढे प्रत्येक सरावाला उशिया महादू असताना फोनवर केलेलं त्याच्या ठेक्याचं रेकॉर्डिंग लावायची. "असं वाजव." परेश दात-ओठ खात ऐकायचा, वाजवायचा. डिसेंबरात एकदा ती अचानक नाचायला लागली. "अगदी महादू!" ती ओरडली आणि पाणी प्यायला गेली. टेबलावर तिचा फोन होता. परेशनं रेकॉर्डिंग पुसून टाकलं.

पुढच्या आठवड्यात तिनं फोनमध्ये रेकॉर्डिंग खूप शोधलं. मग हसून म्हणाली, "जाऊ दे. महादू आता तुझ्या हातात आहे. यल्ला, वाजव."

परेशला काठ्या उचलवेनात.